पांढऱ्याखालचा पिवळा

सकाळी खिडकी उघडली आणि आधी नाकाला कळलं. डोळ्यांना काहीच वावगं दिसत नव्हतं. समोरचा बहुमजली ब्लॉक जागच्या जागी होता, बांबूंवर वाळत घातलेले कपडे होते, खाली हॉकर सेंटरच्या खाण्याच्या टपऱ्यांवर कोपीच्या, म्हणजे इथल्या कॉफीच्या, कपांचा खणखणाट चालू होता. पण वास आला होता. ओला पाला जाळल्यावर येतो तसा, घशात चिकटून बसणारा. समुद्रापलीकडे जंगलं पेटली की वारा फिरतो आणि तो धूर सिंगापूरच्या बेडोकमध्ये आमच्या नवव्या मजल्यापर्यंत येतो. इथे सगळे त्याला हेझ म्हणतात, म्हणून आम्हीही तेच म्हणतो. दुपारपर्यंत समोरच्या ब्लॉकचा भिंतीवरचा नंबर पुसट झाला.

हात आपोआप कामाला लागले. खिडक्या लावल्या, दाराच्या फटीला ओला टॉवेल सारला, कपाटातून मास्क काढले, माझ्या लेकीचा, सईचा, श्वासाचा पंप तिच्या दप्तराच्या पुढच्या कप्प्यात टाकला. नवऱ्याने तुआसहून, कामावरून फोन करून ‘तिकडे प्रदूषणाचा आकडा किती आहे?’ विचारलं. सगळं झाल्यावर मी कॉरिडॉरमध्ये उभी राहून टोकाच्या घराकडे बघत राहिले. तिथे आता एक तरुण जोडपं राहतं. चपलांचं नवं रॅक आहे, दारावर लाल कागदी कंदील आहे. त्यांच्या खिडक्या घट्ट लावलेल्या होत्या. हेझमध्ये शहाणी माणसं खिडक्या लावणारच. पण हेझ आहे आणि त्या खिडक्या बंद आहेत, म्हणजे आधी तिथे राहणारी नोरा खरंच नाही.

दोन हजार पंधराचा हेझ पाहुण्यासारखा आला आणि भाडेकरूसारखा राहिला. त्याआधी चिनी लोकांचा पितरांचा महिना होऊन गेला होता. ब्लॉकखाली लोखंडी पिंपांमध्ये कागदी नोटा, कागदी कपडे, कागदाची टुमदार घरं जाळून झाली होती. माझ्या सासूबाई पुण्याहून आल्या त्या नेमक्या त्यानंतर, आपल्या पितृपक्षाच्या तोंडावर. पहिल्याच दिवशी खिडकीपाशी उभ्या राहून म्हणाल्या, “अगं मीनल, किती जाळतात गं हे लोक! संपतच नाही.” मी सांगितलं, की आई, हा त्या कागदांचा धूर नव्हे, दुसऱ्या देशातली जंगलं जळतायत. त्यांना ते पटलं नाही. एवढा धूर जिवंत माणसांच्या कामाचा असेल यावर त्यांचा विश्वासच बसेना.

सूर्य कुंकवाच्या टिकलीएवढा आणि तेवढाच लाल. त्याच्याकडे डोळे उघडे ठेवून बघता यायचं. ईस्ट कोस्टला नांगरून पडलेली जहाजं आधी नाहीशी व्हायची, मग समुद्र, मग रस्त्यापलीकडची झाडं. जहाजांचे भोंगे मात्र ऐकू येत राहायचे. एक दिवस तर शाळाच बंद ठेवल्या. सई तेव्हा आठ वर्षांची होती आणि झोपेत तिचा श्वास शीळ घालायचा. मी उशाशी बसून ती शीळ ऐकायची आणि ज्यांनी कोणी ते रान पेटवलं असेल त्यांचा अस्सल पुणेरीत उद्धार करायची. पाऊस पड, बाबा, एकदाचा पड. घरात प्रत्येकाच्या तोंडी तेवढंच होतं.

अशात कॉरिडॉरमध्ये टर्पेंटाइनचा उग्र वास यायला लागला. आधीच श्वासाचे वांधे, त्यात हे. माझा पारा चढला. वास येत होता टोकाच्या घरातून. तिथे नोरा राहायची. ऐंशीच्या घरातली, कॅनडाची, उंच आणि किंचित वाकलेली. तिचा नवरा इथलाच चिनी, जहाजांवर इंजिनिअर. निवृत्त झाल्यावर तिला घेऊन बेडोकला परतला आणि काही वर्षांनी वारला. आमची ओळख लिफ्टमध्ये हसण्यापुरती. मी कंबर कसून भांडायला गेले तर दार उघडंच होतं आणि खिडक्या सताड उघड्या. अख्खं सिंगापूर दारंखिडक्या लावून बसलेलं, आणि ही बाई हेझला घरात घेऊन बसलेली.

“सॉरी, वास येतोय ना?” ती मान न वळवता म्हणाली. “पण खिडकी लावली तर मला दिसणार नाही.”

काय दिसणार नाही, ते मी विचारलं नाही. तिच्यासमोर ईझलवर एक मोठा कॅनव्हास होता, सगळा राखाडी, आणि मध्याच्या जरा डावीकडे एक पिवळा ठिपका. बोटाच्या पेराएवढा. कुणाच्या तरी लांबच्या घरातला दिवा. मला चित्रातलं काही कळत नाही, मी कंपन्यांचे ताळेबंद जुळवणारी बाई. पण तो दिवा बघून माझा आवाज खाली आला. “छान आहे” एवढं पुटपुटून मी परतले. सासूबाईंनी विचारलं, “भांडलीस का?” मी म्हटलं, “उद्या भांडते.”

ते उद्या पुढच्या आठवड्यात उजाडलं. गेले, तर कॅनव्हासवर दिवा नव्हता. नुसतं पांढरं.

“दिवा कुठे गेला?”

“आतच आहे,” नोरा म्हणाली. “झाकला.”

ती जन्मभर असंच काम करत आली होती. आधी दिवा काढायचा, जाड पिवळ्या रंगाचा, मन लावून. तो सुकला की त्यावर पांढऱ्याचा पातळ हात. मग मागे, पार भिंतीपर्यंत जाऊन बघायचं, दिसतोय का? दिसतोय. सुकल्यावर आणखी एक हात. परत मागे. ज्या हाताला दिवा दिसेनासा होईल तिथे थांबायचं. तिथे चित्र पुरं झालं.

हे कशासाठी, ते तिने मला कोपी ढवळता ढवळता सांगितलं, कालची भाजी काय होती ते सांगावं अशा आवाजात. कॅनडाच्या सपाट गव्हाच्या मुलखात त्यांचं घर होतं. घर आणि गोठा यांच्यामध्ये हिवाळ्यात दोर बांधलेला असायचा. बर्फाचं वादळ आलं की स्वतःचा हातसुद्धा दिसत नाही, म्हणून त्या दोराला धरून जायचं आणि धरून परत यायचं. एका संध्याकाळी गाय विणार होती म्हणून तिचा मोठा भाऊ टॉम गोठ्याकडे गेला. येताना दोर त्याच्या हातातून सुटला असावा. आईने खिडकीत कंदील ठेवला. आई आणि छोटी नोरा त्या कंदिलापाशी बसून राहिल्या. पुढे बर्फ वितळल्यावर टॉम सापडला, घरापासून हाकेच्या अंतरावर.

“लोक म्हणाले, खिडकीत दिवा असता तर पोरगा वाचला असता,” नोरा म्हणाली. “पण दिवा होता. मी स्वतः त्याची वात वर करत होते. त्याला दिसला नाही. मध्ये किती पांढरं आलं की दिवा दिसत नाही, तेवढंच मला बघायचं असतं. टॉम जिथे उभा होता तिथून.”

 म्हणजे ती सगळी चित्रं बाहेरून काढलेली होती. घराकडे तोंड करून उभ्या असलेल्या माणसाच्या डोळ्यांनी.

घरी येऊन मी तिचं नाव फोनवर शोधलं. बाई मोठी निघाली. हॉटेलात बशा विसळत टोरोंटोच्या कलाशाळेत शिकलेली. भोवतालचे पुरुष चित्रकार बादलीबादलीने लाल-निळं ओतत होते, तेव्हा ही पांढऱ्यावर पांढरं लावत बसलेली. आधी लोक हसले, मग त्यांनी तिला डोक्यावर घेतलं. तिची चित्रं तिकडच्या बड्या गॅलऱ्यांमध्ये लागली, एका बँकेने आपल्या प्रवेशदालनात लावली. जाणकारांनी काय काय लिहिलं होतं! शून्य, मौन, उत्तरेचं एकाकीपण. एकाने तर ध्यानधारणेशी नातं जोडलं होतं. दिव्याबद्दल कुणीच लिहिलं नव्हतं, कारण तिने तो कुणाला सांगितलाच नव्हता. सिंगापूरला आली आणि तिचा हात थांबला. इथे सगळं दिसतं, ती म्हणायची. लख्ख ऊन, हिरवी झाडं, रंगवलेले ब्लॉक. कितीतरी वर्षं तिने ब्रश धरला नाही. हेझ आला आणि तिने रंगांच्या जुन्या नळ्या बाहेर काढल्या.

आम्ही दोघी एकाच आभाळाकडे बघत होतो आणि उलट मागणं मागत होतो. मला पाऊस हवा होता, तिला पावसाची धास्ती. सईच्या छातीवर हात ठेवून बसल्यावर तिकडच्या त्या उघड्या खिडक्या आठवल्या की मला नोराचा संताप यायचा. आणि संध्याकाळी ऑफिसमधून आले की पाय आपसूक तिच्या दाराकडे वळायचे.

अशाच एका संध्याकाळी ती रंगाला हात न लावता नुसती बसलेली दिसली. कॅनडाहून एका गॅलरीचा फोन आला होता. तिच्या सगळ्यात जुन्या चित्रांवर पिवळे डाग उमटायला लागले होते. आधी एकावर दिसला, मग शोधल्यावर आणखी काहींवर. शिशाचा तो जुन्या पद्धतीचा पांढरा रंग वर्षानुवर्षं तेलात मुरत जातो आणि हळूहळू आरपार दिसायला लागतो. चित्रकारांना हे ठाऊक असतं. तिलाही होतं, पण आपण तोवर जिवंत असू हे तिच्या मनात आलं नव्हतं. गॅलरीला ती खराबी वाटली. तुमची परवानगी असेल तर वरून नवा पांढरा लावून पूर्ववत करतो, असं ते म्हणत होते. आठवड्याभरात परत फोन करणार होते.

“एकामागून एक,” नोरा म्हणाली. “तिकडे भिंतीभिंतींवर दिवे लागतायत.”

मला तर ते ऐकून बरंच वाटलं. “मग चांगलंच आहे की!”

तिने माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं, की मी कोपीचा कप खाली ठेवला. “चांगलं? त्याला दिसला नव्हता. मी चित्रात कधी खोटं बोलले नाही. आता तो नाही, आई नाही, ते घर नाही, आणि आता दिवा दिसणार? कुणाला? तिकीट काढून येणाऱ्यांना? मी त्यांना सांगणार आहे, झाकून टाका.”

 चित्रं तिची, भाऊ तिचा. पण त्यानंतर कितीतरी दिवस डोळे मिटले की मला ती गॅलरी दिसायची. बंद झालेली, माणूस नसलेली. आणि पांढऱ्यातून हळूहळू वर येणारा तो पिवळा. मला भीती त्या दिव्याची वाटत नव्हती. त्याच्यासमोर बर्फात कुणीतरी अजून उभं आहे, असं वाटायचं.

पितृपक्ष संपत आला होता. त्या दिवशी हेझ फारच होता, त्यात वर ढग भरून आलेले, म्हणून मी घरूनच काम करत होते. सासूबाई दुपारी जरा आडव्या झाल्या होत्या, त्या उठल्या आणि बाहेर बघून दचकल्या. “अगंबाई, तिन्हीसांज झाली! उठवायचं नाही का गं?” लगबगीने तोंड धुतलं, देवापाशी दिवा लावला आणि एक पणती नेऊन बाहेर दारापाशी, चपलांच्या रॅकशेजारी ठेवली. पुण्यातही त्या उंबऱ्यात पणती ठेवायच्याच, आणि पंधरवड्यात तर चुकायच्या नाहीत.

“आई, तीन वाजलेत,” मी हसत म्हटलं.

“काहीतरीच! बाहेर बघ.” मी घड्याळ दाखवलं. त्या ओशाळल्या, पण पणती आत घेईनात. “लावलेला दिवा विझवायचा नसतो. राहू दे. संध्याकाळी परत लावेन.”

तेवढ्यात कॉरिडॉरच्या दुसऱ्या टोकाला लिफ्टचं दार उघडलं आणि हातात बाजाराची पिशवी घेतलेली नोरा बाहेर आली. एव्हाना तिचे डोळे अधू झाले होते. ती कठड्यावर हात ठेवून यायला लागली. कठडा सोडत नव्हती. आमच्या दारापाशी आली आणि एकदम थांबली.

“हा कधीपासून आहे इथे?” तिने पणतीकडे बोट दाखवलं. “मला लिफ्टपासून दिसला नाही. अर्ध्यात आले तरी दिसला नाही.” मग माझ्यामागून डोकावणाऱ्या सईला म्हणाली, “तिथून तुला दिसतो का, बघशील?”

मी नको नको म्हणेपर्यंत सई मास्क न लावता पळत लिफ्टपाशी गेली आणि तिकडून आपल्या सिंगापुरी इंग्रजीत ओरडली, “कॅन सी, आंटी! स्मॉल-स्मॉल ओन्ली, बट कॅन!”

नोरा पणतीसमोर वाकून बघत राहिली. सई धापा टाकत परत आल्यावर तिला म्हणाली, “आजीला विचार, एवढ्या धुरात हा कुणासाठी लावला? कुणाला दिसणार?”

सईने आपल्या मोडक्या मराठीत विचारलं. सासूबाई आधीच वेळ चुकल्यामुळे घुश्शात होत्या. “दिसतोय का नाही ते बघत बसायचं असतं होय? ज्याला यायचंय तो येईल त्याच्या सवडीने. आपला दिवा आपण लावायचा. आणि तिला म्हणावं आत ये, धुरात काय उभी राहिलीस?”

“आजी से, सी ऑर कॅनॉट सी, नेव्हर माइंड लाह,” सईने दुभाष्याचं काम चोख केलं. “ही कम व्हेन ही फ्री. लाइट मस्ट पुट. अँड यू कम इन, स्मोक नॉट गुड.”

‘ही कम व्हेन ही फ्री’ ऐकून नोरा खळखळून हसली. हसता हसता तिचं हसणं मध्येच मोडलं आणि ती चपलांच्या रॅकशेजारी जमिनीवरच बसली.  सासूबाई आत जाऊन पाण्याचा तांब्या घेऊन आल्या आणि गुडघ्यांवर हात ठेवत तिच्याशेजारी बसल्या. टॉमबद्दल मी त्यांना काही सांगितलेलं नव्हतं. त्यांनी विचारलंही नाही. ती पणती विझेपर्यंत दोघी तिथे बसून होत्या. त्या एवढा वेळ बाहेर धुरात बसल्या म्हणून मी दोघींवर चिडलेही.

गॅलरीचा फोन यायचा होता त्या सकाळी नोराने मला शेजारी बसायला बोलावलं. स्पीकरवर एका तरुण मुलीचा मऊ आवाज होता. त्या डागांचं काय ठरवलंत, तिने विचारलं.

“ते डाग नाहीत,” नोरा म्हणाली. “दिवे आहेत. त्यांना हात लावायचा नाही.”

 मग ती मुलगी चाचरत म्हणाली, की ठीक आहे, पण येणारे लोक विचारतील, इतक्या वर्षांनी हे कसे दिसायला लागले? त्यांना काय सांगायचं?

नोरा उघड्या खिडकीकडे बघत होती. समोरचा ब्लॉक दिसत नव्हता. “सांगा, घरी यायचंय त्याला उशीर झालाय,” ती म्हणाली. “म्हणून लावून ठेवलेत.”

मी रडले. तिकडची ती मुलगीही रडली असावी, कारण तिने फोन ठेवायला फार वेळ लावला.

मग एके दिवशी पाऊस आला, धो धो. सईने बाल्कनी नाही म्हणून कॉरिडॉरच्या कठड्यातून हात बाहेर काढून तो झेलला. संध्याकाळी समोरचा ब्लॉक इतका स्वच्छ दिसायला लागला, की कुणाच्या घरात टीव्हीवर कुठला कार्यक्रम चालू आहे तेही कळावं. नोराने रंग आवरून ठेवले आणि ते हेझमधलं चित्र कापडात गुंडाळून आमच्याकडे आणून दिलं. मी उलगडून बघितलं. पांढरं, राखाडी, बाकी काही नाही. एवढं सगळं झाल्यावर तरी ती दिवा उघडा ठेवेल असं मला वाटलं होतं. खरं सांगायचं तर मी हिरमुसले.

“यातला का झाकला?”

“दिसेल सावकाश,” ती म्हणाली. “आता मला घाई नाही.”

पुढे दोन वर्षांनी ती गेली, इथल्याच हॉस्पिटलात. त्याच्या पुढच्या वर्षी पुण्याला सासूबाई गेल्या. आमच्या हॉलमध्ये ते चित्र तसंच आहे. घरी येणारी मराठी मंडळी कौतुकाने विचारतात, ‘वा, कशाचं आहे?’ आणि मी कधी सांगते, कधी ‘हेझचं’ म्हणून चहा टाकायला उठते. सई आता बारा वर्षांची आहे. अधूनमधून ती चित्राला नाक लावून बघते आणि म्हणते, “स्टिल नथिंग व्हॉट, आई.” दिसायला लागेल तेव्हा मी नसेन. ती असेल. हा विचार मला आधी जड जायचा, आता तितकासा जात नाही.

आज दुपारी हेझ वाढत गेला. आकाश मळकट होत होत अंधारलं. मी लॅपटॉप मिटला, देवघरातली पणती घेतली, तेल घातलं, वात सारखी केली. सोफ्यावर लोळत पडलेल्या सईने मान वर केली.

“आई, इट्स ओन्ली थ्री, लाह.”

“माहीत आहे.”

पणती दारापाशी चपलांच्या रॅकशेजारी ठेवली. मग काय वाटलं कोण जाणे, कठड्यावर हात ठेवून लिफ्टपर्यंत चालत गेले आणि वळले. कॉरिडॉर धुराने भरला होता. मला आमचं दार कुठलं तेच क्षणभर कळेना. चष्मा काढून पदराने पुसला, परत लावला.  कितीतरी वेळ नुसतं राखाडी. मग खाली, जमिनीलगत, काहीतरी पिवळं हललं.

सई दारात येऊन उभी राहिली असावी. तिचा आवाज आला, “आई? कॅन सी ऑर नॉट?”

“दिसतेय गं,” मी म्हटलं. “बारीकशी.”

“देन कम होम, लाह.”

मी कठडा धरून निघाले.